एकेचाळिसाव्या पानापासून

आमच्या घराण्याचा छापील इतिहास एकेचाळिसाव्या पानावर सुरू होतो. अमरावतीच्या एका जुन्या वाचनालयात त्याची एक प्रत आहे, अकोल्यात दुसरी, आणि दोन्हींवर कुणीतरी पेन्सिलीने लिहून ठेवलंय, 'पहिली पाने गहाळ'. गहाळ हा किती सभ्य शब्द आहे! जणू ती पानं देवदर्शनाला गेली आणि गर्दीत चुकली. प्रत्यक्षात ती कुठे गेली हे आता जगात मला आणि माझ्या ताईला दोघींनाच ठाऊक आहे. ताई ऐंशीच्या घरात आली, तिला सकाळी काय खाल्लं ते आठवत नाही. तेव्हा मी एकटीच म्हणा. म्हणून हे लिहून ठेवते. इतिहासाची सेवा वगैरे नाही. आमच्या घराण्यात इतिहासाची सेवा एकदा झाली आहे, तेवढी पुष्कळ झाली.

आमचं घर कापूस बाजाराच्या मागच्या गल्लीत. एकापाठोपाठ एक तीन खोल्या, वर टिनाचं छप्पर, आणि पुढच्या खोलीत बाबांचं सरकी-ढेपेचं दुकान. ढेप म्हणजे सरकीचं तेल काढल्यावर उरलेला चोथा. म्हशी तो आवडीनं खातात आणि त्याचा वास माणसांच्या कपड्यांना आवडीनं चिकटतो. शाळेत माझ्या शेजारी बसणाऱ्या मुलीची वर्षभर अशी समजूत होती की आमच्याकडे म्हैस आहे. मीही ती दूर केली नाही, कारण म्हैस असणं हे ढेप विकण्यापेक्षा बरं दिसायचं. पहाटे कापसातून सरकी काढणाऱ्या जिनाचा भोंगा वाजे, मग दुकानापुढे म्हैसवाल्यांची भांडणं सुरू होत, आणि मधल्या खोलीत आई पाट्यावर मिरच्यांचा ठेचा वाटायला घेई. त्या ठेच्याने समोरच्या घरातले आजोबा शिंकायला लागले की आम्ही शाळेला निघायचो. घड्याळाची गरज पडत नसे.

या घराला इतिहासाची काही अडचण नव्हती. अडचण होती ती माझ्या काकांना. वामनकाका अकोल्याला हायस्कुलात मराठी शिकवत. घरातला एकमेव शिकलेला माणूस, म्हणून बाबा, थोरले असूनही, त्यांना 'मास्तर' म्हणत आणि त्यांच्यासमोर पाय पसरून बसत नसत. काका बाहेर इतकी शुद्ध मराठी बोलत की भाजीवाली भाव वाढवून सांगायची. आमच्या बोलीची त्यांना लाज वाटे. मी 'मले पाणी दे' म्हटलं की ते डोळे मिटून घेत, एखाद्याला ठेच लागावी तसे.

त्यांच्या शाळेत पुण्याकडचे एक गुरुजी नोकरीला आले. त्या गुरुजींनी एक दिवस शिक्षकांच्या खोलीत आपला कुलवृत्तांत आणला. जाडजूड, लाल कापडी बांधणीचा. त्यांचा कोणता पूर्वज कोणत्या गावी कोणत्या दुखण्याने गेला हेसुद्धा त्यात होतं. काकांनी तो चाळला. गुरुजींनी सहज विचारलं, "तुमचं मूळ गाव कोणतं हो?" काका म्हणाले, "अमरावती." गुरुजी हसून म्हणाले, "ते हल्लीचं झालं. मूळ?" झालं. त्या एका 'मूळ'ने काकांचं अन्नपाणी तोडलं. पुढच्या शनिवारी ते अमरावतीला आले ते पिशवी न ठेवताच बाबांना विचारते झाले, "दादा, आपला पणजोबा आला कुठून?"

बाबा ढेपेचं पोतं शिवत होते. म्हणाले, "पायी आला म्हणते कोठून तरी."

काकांना हे उत्तर मुळीच पटलं नाही. पायी आलेल्या माणसाला इतिहासात जागा नसते, निदान घोडा तरी लागतो. मग काका घोड्याच्या शोधाला लागले. दोन वर्षं सुट्ट्यांमध्ये सायकलीवर गावोगाव हिंडले. रिद्धपूरला जाऊन महानुभावांच्या जुन्या पोथ्या पाहिल्या आणि तिथल्या महंतांना विचारलं, यांत आमचं आडनाव कुठे सापडेल का? महंतांनी फार शांतपणे सांगितलं, "या पोथ्यांत देवाच्या लीळा आहेत बाबा, आडनावं नाहीत." काका परत आले ते उन्हाने काळे होऊन आणि हात हलवत. बाबा म्हणाले, "मास्तर, जाऊ द्या ना. ढेप विकाले कोण खानदान पुसते?" ताई हसली, मी हसले, आणि काकांनी आम्हा दोघींना 'बापाच्या वळणावर गेलेल्या' ठरवलं.

ताई तेव्हा अकोल्याला काकांकडेच राहून डी.एड. करत होती. नाव शालिनी, घरात शालू. बोलायला तिखट, कामाला वाघ, आणि एकदा ठरवलं की ब्रह्मदेवाचं न ऐकणारी. काकांकडे त्यांचा एक जुना विद्यार्थी यायचा, विलास गढेकर, वीज मंडळात नुकताच लागलेला, उंच, शांत, जरा जास्तच शांत. काकांच्या शोधाचं ऐकून त्याने आपल्या घरचा छापील कुलवृत्तांत आणून दिला. गढेकर म्हणजे बाळापूरकडची बागायतदार मंडळी. त्याच्या आजोबांनी हौसेने पुस्तक छापून घेतलं होतं. नमुना म्हणून पाहा, म्हणाला. पुस्तक परत न्यायला विलास महिनाभराने आला. काका म्हणाले, अजून वाचतो आहे. पुन्हा आला, अजून वाचतो आहे. तो वर्षभर येत राहिला आणि त्याने एकदाही कुरकुर केली नाही, कारण दर खेपेला चहा ताई करायची. काका आत पूर्वज शोधत होते आणि बाहेरच्या खोलीत त्यांच्या नाकासमोर पुढची पिढी ठरत होती. संशोधकांचं असंच असतं.

शेवटी काकांचा ग्रंथ तयार झाला: 'पऱ्हाटे कुलप्रकाश'. अमरावतीच्या एका छापखान्यात खिळे जुळवून छापला. पहिल्या चाळीस पानांत आमचा मूळ पुरुष सरदार हंसोजी हा उत्तरेकडून फौजेबरोबर आला, तांबड्या घोडीवर बसून आला, पूर्णेच्या काठी जखमी होऊन पडला, देवीने त्याला दृष्टांत दिला आणि तो इथे वसला. पऱ्हाटी म्हणजे कपाशीचं झाड, आणि असं आडनाव सरदाराला कसं? तर शत्रूला चकवण्यासाठी हंसोजींनी ते धारण केलं, हे काकांनी दीड पानात सिद्ध केलं होतं. लग्नात आमचं देवक उंबर. ते मागाहून पडलेलं असून मूळ देवक कळंब आहे, हेही होतं. वाचून बाबा पार बदलून गेले. गल्लीत ते छाती काढून चालू लागले. आई म्हणाली, "अवो, पण उंबर पुजत आलो ना आपन?" बाबा म्हणाले, "छापून आलं हाय. उगाच कोण छापते?" छापील अक्षरावर बाबांची इतकी श्रद्धा होती की किराण्याच्या पुड्यावरची बातमीसुद्धा ते खरी मानत, मग ती तीन वर्षांपूर्वीची का असेना.

एकेचाळिसाव्या पानापासून पुढे मात्र पुस्तक निराळं होतं, आणि ते कुणीच वाचलं नाही. तिथे घोडे संपले होते. तिथे कापूस वेचताना बायका ओटी कशी बांधतात, कणकेचे पानगे भाजायला गोवऱ्यांचा जाळ कसा बसवतात, ठेच्याला कोणत्या दगडाचा पाटा लागतो, बैल आजारी पडला तर काय करतात, मोगलाईच्या, म्हणजे निजामाच्या राज्याच्या, सीमेवरची आणि आमच्याकडची गाणी कशी वेगळी, असं सगळं काकांनी लिहिलं होतं. सायकलीवर गावोगाव हिंडताना घोडा सापडला नव्हता, हे सगळं सापडलं होतं. त्यांना ते 'भर' म्हणून घातल्यासारखं वाटे. प्रकाशनाला आलेल्या पुढाऱ्यांनी पुस्तक उलटं धरून फोटो काढला, स्वतःच्या घराण्यावर अर्धा तास बोलले आणि दह्यातला गिला वडा खाऊन गेले. पुण्याकडच्या गुरुजींनी काकांचं अभिनंदन केलं. काकांना त्याहून जास्त काही नको होतं.

आणि त्यानंतर ताईने आईला सांगितलं की विलास गढेकर. आईने बाबांना सांगितलं. बाबांना आभाळ ठेंगणं झालं: नोकरीचा मुलगा, बागायतदार घर, आणि हुंडा नको म्हणणारा. फक्त काका बिथरले. काकांचा लाडका विद्यार्थी तो, पण काका म्हणू लागले, मुलगा फार उंच आहे. वीज मंडळातली माणसं शॉक लागून जातात. बाळापूरचं पाणी जड असतं. आईला वाटलं काकांनी दुसरं एखादं स्थळ पाहून ठेवलंय. ताईला वाटलं काका रुसलेत, कारण त्यांना आधी सांगितलं नाही. कुणालाही वाटायला हवं होतं ते कुणाला वाटलं नाही, कारण गढेकरांचं पुस्तक आमच्या घरात काकांखेरीज कुणी उघडलं नव्हतं.

दसऱ्यानंतर साक्षगंध, म्हणजे साखरपुडा, झालं. मुलाच्या वडिलांना सगळे भाऊसाहेब म्हणत. धिप्पाड माणूस, मिशा भरघोस, आणि बोलताबोलता डोळ्यांत पाणी येण्याची सवय. बाबांनी त्यांच्यासाठी ताटात नारळ, टोपी, टॉवेल आणि सर्वांत वर 'पऱ्हाटे कुलप्रकाश' ठेवला. काकांनी तो तीन वेळा काढला आणि बाबांनी तीन वेळा परत ठेवला. शेवटी काका म्हणाले, "दादा, प्रत खराब आहे, पानं सुटली आहेत." बाबांनी लगेच दुसरी आणली. आपण काय करतो आहोत हे बाबांना कळलं असतं तर त्यांनी ती ढेपेत पुरली असती.

भाऊबीजेला आत्या बाळापूरहून आली. आत्या म्हणजे बाबा आणि काका दोघांचीही थोरली बहीण. काकांना अख्ख्या जगात 'वामन्या' म्हणणारी एकटीच. मधल्या खोलीत पाट मांडला, भोवती मी रांगोळी काढली. बाबांना ओवाळून झालं होतं आणि काका पाटावर बसले होते, कपाळाला ओलं कुंकू, डोक्यावर टोपी, तोंडात अर्धी करंजी, तेवढ्यात दारात जीप थांबली. भाऊसाहेब उतरले. मागून विलास, तापातून उठल्यासारखा. साक्षगंधाला येता न आल्यामुळे आत्याने दोघांना कधी पाहिलं नव्हतं, ती आपली सवयीने म्हणाली, "या बाप्पा. जेवले का?"

भाऊसाहेब सरळ पाटाकडे गेले, काकांना खांद्याला धरून उठवलं आणि मिठी मारली. काकांच्या कपाळाचं कुंकू त्यांच्या पांढऱ्या सदऱ्यावर उमटलं. "मास्तर!" ते म्हणाले, आणि डोळ्यांतून धारा. "मास्तर नाही, भाऊ! आपन एकच हावो! हंसोजी तुमचा, हंसोजी आमचा! पूर्णेचा काठ तोच, देवी तेच, देवक कळंबच! माया बापानं मरताना म्हटलं होतं, आपली एक शाखा हरवली हाय. म्यां ते काल सापडवली!" मग त्यांनी बाबांना मिठी मारली. बाबाही रडू लागले. मिठीत कुणी रडलं की बाबांना रडावंच लागे. काका मात्र करंजी न गिळता तसेच उभे.

मग भाऊसाहेबांनी डोळे पुसले आणि पाट सोडून खाली बसले. "आनंद झाला," ते म्हणाले, "पण सोयरीक मोडली. भाऊबंदातली पोरगी सून कशी करू? एका देवकाचे आपन. शालू माई पुतनी झाली, विलासची बहीण. समाजात तोंड काळं होईन."

दुकानात म्हैसवाला ओरडत होता, "ढेप देता का नाही बे?" आई स्वयंपाकघराच्या दारात पळी घेऊन उभी होती, पळीतून वरण गळत होतं आणि तिला कळत नव्हतं. ताईकडे पाहायची माझी हिंमत झाली नाही.

आत्या पहिली बोलली. "अवो, आपन कोठले सरदार बाप्पा? आपलं देवक उंबर. माया लग्नात उंबरच पुजलं. हे हंसोजी कोण?"

भाऊसाहेबांनी हात जोडले. "बाई, तुमचं बोलनं खोटं मी म्हणत नाही. पण हे छापील हाय. मास्तरसारख्या विद्वान माणसानं छापलं."

बाबाही हळूच म्हणाले, "बाई, छापून आलं हाय ना."

तेव्हा मला पहिल्यांदा कळलं की छापलेलं ज्याने छापलं त्यालाच खोडता येतं. आत्याला नाही, आईला नाही, ज्यांच्या लग्नात ते देवक पुजलं त्या बायांना तर मुळीच नाही. आता सगळे काकांकडे पाहत होते. काकांनी करंजी गिळली. पुस्तकी मराठीत म्हणाले, "हा विषय अधिक संशोधनाचा आहे. दोन शाखांत काही पिढ्यांचं अंतर असावं..." आणि थांबले. मला त्यांचं तेव्हाचं तोंड आठवतं. तिकडे अकोला होतं, शाळा होती, गुरुजी होते, पुढेमागे व्हायचा निवृत्तीचा सत्कार होता, आणि इकडे पुतणीचं लग्न. काका इकडून तिकडे पाहत होते आणि त्यांच्याने कुठेच जाववत नव्हतं. मी त्या क्षणी त्यांचा जितका राग केला तितका पुढे कुणाचाच केला नाही.

ताई उठली. निरांजनात तूप घातलं, वात सरळ केली, ताटात कुंकू, अक्षता, सुपारी, करंजी. पाटाभोवतीची रांगोळी बोटाने नीट केली. मग विलासला म्हणाली, "बसा."

विलास बसला. तेव्हापासून अखेरपर्यंत ताईने बस म्हटल्यावर तो उभा राहिलेला मी पाहिला नाही.

"शालू, काय करून राहिली तू?" आई म्हणाली.

"काका म्हणते हा माया भाऊ होय. आज भाऊबीज हाय. मंग ओवाळतो ना," ताई म्हणाली. आवाज अगदी साधा, भाजीला मीठ किती घालू विचारावं तसा. "एकदा ओवाळलं का जन्माचा भाऊ. मंग उद्या कोणी ते पुस्तक जाळलं तरी हे फिरत नाही. काका, तुमी सांगा. तुमच्या शब्दावर ओवाळतो." आणि तिने बोट कुंकवात बुडवलं.

विलासने डोळे मिटले. ताईचं बोट त्याच्या कपाळाजवळ गेलं.

"थांब पोरी," काका म्हणाले. आणि मग, छताकडे पाहत, "घोडी पांढरी होती."

कुणाला काही कळलं नाही. भाऊसाहेबांना मात्र कळलं. गढेकरांच्या पुस्तकातली हंसोजींची घोडी पांढरी होती.

"घोडी पांढरी होती," काका पुन्हा म्हणाले, आणि त्यांची शुद्ध मराठी तिथेच पाटाजवळ गळून पडली. "म्यां तांबडी केली. बाकी सारं तुमचंच हाय. पोरानं पुस्तक आणून देल्लं, म्यां उतरवलं. हंसोजी आमचा नाही. आमचा कोनीच नाही. मले सापडलाच नाही तं काय करू? दोन वर्षं हिंडलो..." आणि काका, ज्यांना मी कधी मोठ्याने हसतानाही पाहिलं नव्हतं, टोपी तोंडावर धरून रडले.

ताईने बोट ताटाच्या काठाला पुसलं. ताट खाली ठेवलं. मग ती मागच्या खोलीत गेली आणि तिथून तिच्या हुंदक्यांचा आवाज आला. तिने तो अडवायचा प्रयत्नही केला नाही.

भाऊसाहेबांनी सदऱ्यावरच्या कुंकवाकडे पाहिलं. सापडलेला भाऊ घटकाभरात हरवला होता. मग त्यांनी अगदी खालच्या आवाजात विचारलं, "मंग तुमी कोण?"

हा प्रश्न काकांना पुण्याकडच्या गुरुजींनी विचारला होता आणि त्यापायी एवढं सगळं घडलं होतं. या वेळी उत्तर आत्याने दिलं. "मी सांगतो. वामन्यानं मले कधी इचारलंच नाही, बायांना काय ठाऊक असते म्हणून. आपला पणजा मोगलाईतून आला. तिकडे पाणी नाही, दाणा नाही. पणजी पोटुशी. कोनाच्या बैलबंडीमागं पायी चालत आले. बाळापूरच्या अलीकडे एका वावरात बाया कापूस वेचून राहिल्या होत्या. त्यातली एक उठली न म्हणाली, जेवले का? कोठचे, कोन्या जातीचे, कायले आले, काही नाही. पहिले जेवले का. भाकर न ठेचा देल्ला. पणजी खाता खाता रडली म्हणे. पणजा बोलला, जेथं पहिले जेवाचं इचारते तेथंच राहू. दुसऱ्या दिवशी वेचाले लागले. पऱ्हाटीतच गवताची खोपडी बांधली, म्हणून पऱ्हाटे. हा आपला सरदार. घोडी नाही, काही नाही." मग ती भाऊसाहेबांकडे वळली. "आता तुमाले आमी चालतो का नाही चालत, ते जेवून सांगा. भाजी थंडी होऊन राहिली."

आईने पानगे केले होते, वांग्याची भाजी, वरण. भाऊसाहेब जेवले. भरपूर जेवले. आम्ही सगळे त्यांच्या हाताकडे पाहत होतो. पानगा मोडला की आईचा जीव भांड्यात पडे, हात थांबला की पुन्हा टांगणीला लागे. हात धुवायला ते मागच्या अंगणात गेले, काका टॉवेल घेऊन उभे आणि मी तांब्यातून पाणी घालत होते. म्हणून मी ऐकलं. भाऊसाहेब हात चोळत काकांना म्हणाले, "मास्तर, आजा माया बी पायीच आला होता. बाप सांगे. पुस्तक छापलं तवा त्यानं घोडी आणली." मग टॉवेलला हात पुसून, "पण हे कोनाले बोलू नोका. आमचं पुस्तक जुनं हाय. तुमी तुमचा सरदार काढून टाका. पोरगी आमी नेतो."

लग्नाच्या आधीचे आठ-दहा दिवस काका दुकानात पोत्यांवर बसून ब्लेडने प्रत्येक प्रतीतली पहिली चाळीस पानं कापत होते. अकोल्याला वाटलेल्या प्रती त्यांनी स्वतः फिरून परत मागून आणल्या, गुरुजींच्याही. गुरुजींना काय सांगितलं ते त्यांनी कुणालाच सांगितलं नाही. पण त्यानंतर ते गुरुजींशी आमच्या बोलीत बोलू लागले. कापलेल्या पानांची रास झाली. कागद चांगला जाड होता. आईने काटकसरीच्या मनाने त्याचे पुडे केले, आणि ताईच्या लग्नाच्या वऱ्हाडाला बांधून दिलेला सगळा चिवडा सरदार हंसोजींमधून गेला. एक पुडा भाऊसाहेबांच्याही हाती पडला. त्यांनी उलगडला, वाचला, आणि चिवडा खाल्ला.

इतकी वर्षं झाली. काका गेले, आत्या, आई-बाबा, भाऊसाहेब, मागाहून विलासही, सगळे गेले. ताईची नातवंडं परदेशात आहेत, आणि त्यांतला एक जण मध्यंतरी मोबाइलवर कळवत होता की आजी, आपण मूळचे राजपूत आहोत, आजोबांकडच्या जुन्या पुस्तकात पांढरी घोडी आहे. मी त्याला अंगठा पाठवला. घोडी मोठ्या आयुष्याची निघाली.

गेल्या महिन्यात मात्र एक मुलगी माझ्या दारात आली. वऱ्हाडच्या लोकजीवनावर प्रबंध लिहिते म्हणाली. पाठीवर पिशवी, उन्हाने लाल झालेली, चेहरा फार गंभीर. तिने 'पऱ्हाटे कुलप्रकाश'ची छायाप्रत काढली आणि म्हणाली, बाई, हे पुस्तक म्हणजे खजिना आहे. कापूस वेचणीवर, जेवणावर, गाण्यांवर इतकं बारीक कुणीच लिहिलेलं नाही. आमचे सर म्हणतात, साठ वर्षं हे कुणी नीट वाचलं नाही हे आपलं दुर्दैव. मला एकदम काका आठवले, पोत्यांवर बसलेले, आणि मी थोडी रडले. तिला वाटलं वयामुळे.

मग ती म्हणाली, "पण पहिली चाळीस पानं गहाळ आहेत. त्यात पूर्वजांची माहिती असणार. मूळ कुठलं, कसे आले. ती मिळाली नाहीत तर पुस्तक अपुरंच. तुम्हाला काही आठवतं का?"

मी चष्मा लावला आणि तिच्या हातातली छायाप्रत घेतली. एकेचाळिसावं पान. हंसोजीला पूर्णेकाठी आणताना, देवी घालताना, घोडी रंगवतानाही काकांनी कुणाला न सांगता हे वाक्य इथे लिहून ठेवलं होतं. लहानपणी कधी आत्याच्या तोंडून न विचारताच कानावर पडलं असेल, किंवा त्यांनाही सगळं आधीपासून माहीत असेल. मी ते तिला मोठ्याने वाचून दाखवलं:

'आमच्याकडे दारात आलेल्या माणसाला आधी जेवला का विचारतात. कुठचा, ते मग.'

"याच्या आधी काही नव्हतं पोरी," मी म्हटलं. "इथूनच सुरुवात आहे."

ती वहीत लिहून घेऊ लागली. मी तिची वही मिटली आणि विचारलं, "जेवली का?"